पाहुणा महिना

आरवट हा देश कुठल्याही नकाशात सापडणार नाही, कारण तो मी रचलेला आहे. लांबच लांब किनारा, आत शिरलेल्या खाड्या, खारबंदिस्तीमागची भातशेती, आणि आकाशात दोन चंद्र, ज्यांना तिथली माणसे थोरला आणि धाकटा म्हणतात. गेली चार वर्षे मी या देशाची एक दीर्घ कथा लिहिते आहे आणि त्यातले जवळजवळ एक वर्ष तिथले पंचांग बसवण्यात गेले. त्या वर्षात माझे एकही प्रकरण पुरे झाले नाही. आरवटातली माणसे मात्र त्याच वर्षी मला पहिल्यांदा नीट दिसू लागली. हे कसे घडले ते सविस्तर लिहून ठेवावे असे बरेच दिवस मनात होते.

सुरुवातीला मी जे पंचांग केले ते फार देखणे होते. २८ दिवसांचा महिना, असे १३ महिने, म्हणजे ३६४ दिवसांचे वर्ष आणि बरोबर ५२ आठवडे. दर महिन्याच्या १४ तारखेला थोरल्याची पौर्णिमा, दर वर्षाचा पहिला दिवस एकाच वारी. एकदा चौकट आखली की पुढच्या हजार वर्षांना तीच पुरेल, याचा मला अभिमानही वाटला. मग मी कथेला हात घातला. पहाटे होडी काढणारी बाई आकाशाकडे बघते, असे एक वाक्य लिहिले आणि तिथेच अडले. ती आकाशाकडे कशासाठी बघेल? आज कितवा दिवस हे ठाऊक असले की चंद्र कुठे असेल हे तिला घरात बसूनच कळत होते. ज्या देशात पौर्णिमा कधीच चुकत नाही, तिथे चंद्राची वाट कुणी बघत नाही, त्याच्यावरून भांडत नाही, त्याच्या नावाने उपास सोडत नाही. त्या देखण्या चौकटीत राहायला कुणी तयार होईना.

आपला खरा चंद्र असा सरळ वागत नाही. एका अमावास्येपासून दुसरीपर्यंत त्याला सरासरी २९ दिवस, १२ तास आणि ४४ मिनिटे लागतात. असे बारा महिने मिळून ३५४ दिवस भरतात आणि सूर्याच्या वर्षाला ते जवळजवळ ११ दिवसांनी कमी पडतात. तिथीचे तर आणखी अवघड. चंद्र सूर्यापासून १२ अंश पुढे सरकला की एक तिथी पुरी होते. पण चंद्राचा वेग सारखा नसल्यामुळे एखादी तिथी २६ तासांपर्यंत लांबते, तर एखादी २१-२२ तासांत आटपते. ‘बाणवृद्धी रसक्षय’ हा जुना संकेत हेच सांगतो : ६० घटकांची तिथी पाच घटकांनी वाढू शकते, सहा घटकांनी घटू शकते. लहानपणी भिंतीवरच्या कालनिर्णयात सप्तमीनंतर एकदम नवमी आलेली पाहून मी रडकुंडीला आले होते, कारण मधली अष्टमी कुणीतरी पळवली असे मला वाटले. सूर्योदयानंतर सुरू होऊन दुसऱ्या सूर्योदयाच्या आत ती संपली, म्हणून तिला स्वतःचा दिवसच मिळाला नाही, हे कळायला पुढे बरीच वर्षे जावी लागली.

हे सगळे मला ठाऊक असूनही स्वतःचे जग रचताना मी ते गैरसोय समजून झटकून टाकले होते. चूक तिथे होती. आपल्याकडे वर्षाकाठी कमी पडणारे ते ११ दिवस साठत जातात आणि सरासरी साडेबत्तीस महिन्यांनी एक जादा महिना पदरात पडतो. २०२३ साली तो श्रावणाला जोडून आला आणि दोन श्रावण झाले. गणिताच्या दृष्टीने ही नुसती दुरुस्ती आहे. पण माणसांनी त्या दुरुस्तीचे काय काय करून ठेवले आहे ते पाहावे. हा धोंड्याचा महिना. यात लग्नमुंजी होत नाहीत, घराचा पाया खणला जात नाही, मात्र जावयाला बोलावून ३३ अनारशांचे वाण दिले जाते. जो महिना कुणाच्याच मालकीचा नव्हता तो लेकी-जावयांच्या वाट्याला आला. अधिक महिन्यात जन्मलेल्या मुलाचा तिथीने वाढदिवस कधी करायचा, श्रावणी सोमवार पहिल्या श्रावणात धरायचे की निजात, यावर घराघरांत चर्चा होतात. भागाकार पुरता गेला असता तर यातले काहीच जन्माला आले नसते.

म्हणून मी आरवटचे आकडे मोडले आणि नव्याने मांडले. वर्ष ३७५ दिवसांचे केले. थोरल्याची एक पौर्णिमा ते दुसरी पौर्णिमा २६.४ दिवस. असे चौदा महिने धरले तर ३६९.६ दिवस होतात, म्हणजे दर वर्षी ५.४ दिवस उरतात. ते साठवत नेले की ४४ वर्षांत बरोबर नऊ जादा महिने लागतात. ६२५ महिने आणि ४४ वर्षे, दोन्हींचे दिवस १६,५०० भरतात. हे जुळले तेव्हा मी वहीत त्या आकड्याभोवती तीनदा चौकट काढली. इसवी सन पूर्व ४३२ मध्ये अथेन्सच्या मेटनने १९ वर्षांत २३५ चांद्रमास बसतात हे चक्र जाहीर केले. त्याचा हिशेब साधारण दोन तासांच्या फरकाने जुळतो. माझा तंतोतंत जुळतो, कारण माझे आकाश माझ्या हातात आहे. एवढी सवलत मी घेतली.

या जादा महिन्याला आरवटात ‘पाहुणा’ म्हणतात. पाहुण्याला घरभाडे मागायचे नाही, या न्यायाने त्या महिन्याचे होडीचे भाडे घेत नाहीत. साहजिकच होड्यांचे मालक आणि होड्या चालवणारे यांच्यात दर पाचव्या वर्षी तंटा उभा राहतो. पाहुणा कधी आला हे ठरवणार कोण? ठरवणारी एक गणकीण आहे, ती दीपमाळेच्या चौथऱ्यावरून घोषणा करते, आणि मालकांच्या वाड्यावरून तिला अधूनमधून तांदळाची पोती जातात. हे मला फारसे कल्पनेने रचावे लागले नाही. प्राचीन रोममध्ये जादा महिना घालण्याचा अधिकार पुरोहितांच्या हाती होता आणि आपल्या माणसाची कारकीर्द लांबवायला किंवा नावडत्याची आखूड करायला तो वापरला जाई. पुढे पंचांग ऋतूंपासून इतके निसटले की ते पुन्हा जागेवर आणण्यासाठी ज्यूलियस सीझरला इसवी सन पूर्व ४६ हे वर्ष ४४५ दिवसांचे करावे लागले.

नऊ पाहुण्यांपैकी आठ पाच-पाच वर्षांच्या अंतराने येतात आणि एक चारच वर्षांनी येतो. गणित तसेच पडते : आठ पंचे चाळीस आणि चार. हा लवकर आलेला महिना म्हणजे ‘आगाऊ पाहुणा’. तो ४४ वर्षांतून एकदा येतो, म्हणून सामान्य आयुष्यात एकदा, फार तर दोनदा. माझ्या कथेतली मुख्य म्हातारी सहा वर्षांची असताना तिने पहिला आगाऊ पाहुणा पाहिला होता, आणि कथा सुरू होते तेव्हा ती एकोणपन्नास पुरी करून दुसऱ्याची वाट बघते आहे. तिच्या मुलीने अजून एकही पाहिलेला नाही. दोघींमधले सगळे अंतर मला या एका गोष्टीत मांडता आले. आपल्याकडे सहस्रचंद्रदर्शन करतात ते याच जातीचे मोजमाप आहे. हजार पौर्णिमा म्हणजे ऐंशी वर्षे आणि वर काही महिने. त्यात अमुक वर्षे जगलो असे न म्हणता इतके पूर्ण चंद्र पाहिले असे म्हणायचे. आपला क्षयमास तर आगाऊ पाहुण्याहून दुर्मीळ. १९६३-६४ मध्ये तो आला, मग १९ वर्षांनी १९८२-८३ मध्ये आला, आणि आता थेट २१२३-२४ मध्ये येईल, १४१ वर्षांच्या अंतराने. ज्या वर्षी एक महिना गळतो त्या वर्षी मागेपुढे दोन अधिक महिने येतात. १९८२-८३ नंतर जन्मलेल्या आपल्यासारख्यांपैकी जवळजवळ कुणाच्याच वाट्याला तो नाही. माझ्या म्हातारीची घालमेल लिहिताना हे १४१ वर्षांचे रिकामे अंतर सारखे मनात असे.

धाकट्याचे काम याहून कठीण गेले. दोन चंद्र आकाशात टांगणे सोपे, पण ते आपापल्या मनाने फिरू शकत नाहीत. १६१९ साली केप्लरने मांडलेल्या तिसऱ्या नियमाप्रमाणे फेऱ्याच्या काळाचा वर्ग आणि अंतराचा घन यांचे प्रमाण बांधलेले असते. चंद्र जितका जवळ तितका त्याचा फेरा झटपट. मंगळाचा फोबोस याचे टोकाचे उदाहरण आहे. तो ७ तास ३९ मिनिटांत एक फेरी मारतो, मंगळाच्या दिवसापेक्षा कितीतरी लवकर, म्हणून तिथे तो पश्चिमेला उगवतो आणि पूर्वेला मावळतो. इतका विलक्षण चंद्र मला नको होता. मी धाकट्याला थोरल्याच्या निम्म्याहून कमी अंतरावर बसवले आणि त्याची पौर्णिमा ८.२५ दिवसांनी येते असे ठरवले. मध्यंतरी तिसरा चंद्रही घालावा असा मोह झाला. तेव्हा गुरूच्या आयो, युरोपा आणि गॅनिमीड या चंद्रांविषयी वाचले : त्यांच्या फेऱ्यांचे काळ जवळजवळ एकास दोनास चार या प्रमाणात आहेत, आणि ते अशा पक्क्या मेळात अडकले आहेत की तिघे एका बाजूला एका रेषेत कधीच येत नाहीत. कधीच न भेटणारे तीन भाऊ ही कल्पना अजून मनात आहे, पण ती दुसऱ्या एखाद्या कथेसाठी राखून ठेवली.

२६.४ आणि ८.२५ हे आकडे मी एका हेतूने निवडले होते. थोरल्याचे पाच महिने आणि धाकट्याचे सोळा फेरे सारखेच भरतात, १३२ दिवस. त्या रात्री दोन्ही चंद्र एकत्र आणि दोन्ही पूर्ण. ही जोडपौर्णिमा. आरवटातली लहान मुले या रात्री झोपत नाहीत आणि त्यांना कुणी झोपा म्हणतही नाही. पण जोडपौर्णिमा म्हणजे जोडउधाणही, आणि ती एका ऋतूत थांबत नाही. तीन जोडपौर्णिमा ३९६ दिवसांत होतात, वर्ष ३७५ दिवसांचे, म्हणून दर वर्षी ती २१ दिवस पुढे चालत जाते. तिथला पावसाळा मी ९० दिवसांचा धरला आहे. साधारण चार वर्षे एखादी जोडपौर्णिमा पावसात सापडते, मग साधारण दोन वर्षे पावसाळा मोकळा जातो, आणि पुन्हा पहिले पाढे. मोकळ्या वर्षांत लग्ने होतात, घरे शाकारली जातात. धास्तीच्या वर्षांत बांधावर रात्रीचा पहारा बसतो, कारण समुद्र चढलेला असेपर्यंत उघाडी, म्हणजे बांधातली पाणी सोडण्याची झडप, बंद ठेवावी लागते आणि ती बंद असली की शेतातले पावसाचे पाणी बाहेर जायला वाटच उरत नाही.

हे चित्र कुठून आले हे मुंबई-रायगडकडच्या वाचकाला सांगायला नको. साडेचार मीटरहून मोठ्या भरतीचे दिवस मुंबई महापालिका दर पावसाळ्याआधी जाहीर करते, आणि त्या दिवशी पाऊस कोसळला तर काय होते हे सगळे जाणतात. २६ जुलै २००५ला सांताक्रूझला २४ तासांत ९४४ मिलिमीटर पाऊस पडला, आणि त्यातच भरतीची वेळ आल्यामुळे शहरातल्या पाण्याला समुद्राकडे जाता येईना. पंचांग म्हणजे मुहूर्ताची पोथी असे मानणाऱ्याने या यादीकडे एकदा नीट पाहावे.

भरतीचे गणित मला शाळेत कुणी शिकवले नाही, ते आत्याकडून आले. रायगडच्या किनाऱ्यावर तिचे घर आहे. सकाळी ओटीवर उभी राहून ती विचारायची, “आज तिथी काय गं?” मी द्वितीया म्हटले की लगेच उत्तर, “म्हणजे भरती दीडला. ओहोटी साडेसातला. चल, निघायला हवं.” तिथीला पाऊणने गुणायचे की भरतीची वेळ मिळते, ही पाऊणकी तिच्या तोंडी असे. पंचमी, पावणेचार. अष्टमी, सहा. चंद्र रोज सुमारे पाऊण तास मागे पडतो, म्हणून हे जमते. पण तिने कधी कारण सांगितले नाही. ती बोटांच्या पेरांवर अंगठा टेकवत मोजायची. मग लुगड्याचा काष्टा घट्ट करून, हातात टोकदार लोखंडी सळी आणि कडेवर टोपली घेऊन आम्ही खडकांवर कालवे काढायला जायचो. सळीचे टोक शिंपल्याच्या नेमक्या फटीत बसले की एक बारीकसा ‘टक’ असा आवाज यायचा आणि आतले राखाडी, ओले कालव वाटीत पडायचे. वाटी निम्मी भरेपर्यंत पाणी घोट्याला लागायला सुरुवात झालेली असायची. आत्या पाण्याकडे बघायचीसुद्धा नाही. “अजून अर्धा तास आहे,” म्हणायची, आणि तो अर्धा तास खरोखरच असायचा.

गेल्या दिवाळीत मी तिच्याकडे गेले तेव्हा आरवटची वही सोबत नेली होती. तिचे वय आता ऐंशीच्या घरात आहे. खडकांवर जाणे कधीच थांबले. तिला दोन चंद्रांची गोष्ट सांगताना मला थोडा संकोच वाटत होता, पण तिने ती शेजारच्या गावची हकीकत ऐकावी तशी ऐकली. पाहुण्या महिन्यात होडीचे भाडे नाही, हे तिला पटले. गणकिणीला तांदूळ जातात हे ऐकून तिने मान हलवली. जोडपौर्णिमेपाशी मात्र तिने मला थांबवले.

“उधाण किती दिवस टिकतं तिथं?”

मी गप्प.

“आपल्याकडे पुनवेनंतर तृतीया-चतुर्थीपर्यंत खडक चांगले उघडे पडतात. मग भांग लागते, अष्टमीच्या सुमाराला पाणी धड चढत नाही नि धड उतरत नाही. तुझ्याकडच्या बायकांना किती दिवस मिळतात कालवं काढायला?”

एक वर्ष घालवून मी महिने, वर्षे आणि ४४ वर्षांची चक्रे जुळवली होती, आणि टोपली घेतलेल्या बाईला किती सकाळी मिळतात हा प्रश्न माझ्या मनात आला नव्हता. रात्री सगळे झोपल्यावर माजघरात दिवा लावून मी वही उघडली. सूर्याचाही ओढा असतो, आपल्याकडे तो चंद्राच्या निम्म्याहून थोडा कमी. पण आरवटात दोन चंद्रांपुढे तो फिका पडतो असे मी धरले. थोरला सूर्यापासून रोज सुमारे १३.६ अंश पुढे जातो, धाकटा ४३.६ अंश. वजाबाकी केली. ३० अंश, बरोबर ३०. मी ती पुन्हा केली, अपूर्णांक धरून केली. तरीही ३०च.

म्हणजे दोघे एकत्र असले की तीन दिवसांनी ते काटकोनात येतात, एकाची भरती दुसऱ्याच्या ओहोटीवर पडते आणि भांग लागते. आणखी तीन दिवसांनी ते समोरासमोर उभे राहतात आणि पुन्हा उधाण. आत्याला एका पंधरवड्यात एकदा मिळणारे उधाण आरवटातल्या बायकांना दर सहा दिवसांनी मिळते. फक्त ते टिकत नाही. ऐन दिवस आणि त्याच्या आगेमागे एकेक, बस. त्या तीन सकाळींत खडकांवर जायचे, उरलेल्या तीन दिवसांत माल विकायचा, जाळी विणायची, लेकराबाळांकडे बघायचे. दर सहा दिवसांनी हाच फेरा. असे बावीस फेरे झाले की जोडपौर्णिमा. आरवटाला आठवडा होता, आणि तो सहा दिवसांचा होता. मी तो दिला नव्हता; माझ्या आकड्यांत तो आधीपासून बसला होता आणि मला दिसला नव्हता. केवळ सवयीने मी तिथे सात वार घालून ठेवले होते.

सकाळी मी आत्याला सांगितले, “तीन दिवस मिळतात. पण दर सहा दिवसांनी.”

तिने पेरांवर अंगठा फिरवत मोजले. “म्हणजे बाजार चौथ्या दिवशी भरत असेल,” ती म्हणाली, “ताजी असतानाच विकायला हवीत.”

परतीच्या एसटीत मी तिसरे प्रकरण काढले आणि त्यातला शुक्रवारचा बाजार खोडून त्या जागी चौथ लिहिली.